कानावर पडलं, ऐकलं कुणी?

 

नवविधा भक्तीत पहिली भक्ती कोणती? श्रवण. उदाहरण कुणाचं देतात? परीक्षिती राजाचं. सात दिवसांनी मरण ठरलेलं, आणि राजा ऐकायला बसला. आपण म्हणतो, सोपी भक्ती आहे ही. बसायचं, कान उघडे ठेवायचे, झालं! नाही हो माउली. कानावर पडणं वेगळं आणि ऐकणं वेगळं. आज त्यासाठी दृष्टांत पुराणातला घेत नाही, इतिहासातला घेतो.

जावा आणि सुमात्रा या दोन बेटांच्या मध्ये सुंदा नावाची सामुद्रधुनी आहे. तिच्यात क्राकाटोआ नावाचं बेट होतं, पोटात ज्वालामुखी. १८८३ सालच्या मे महिन्यात, २० तारखेला तो जागा झाला. दीडशे किलोमीटरवरच्या बटाव्हियात, म्हणजे आजच्या जकार्तात, धडधड ऐकू गेली. मग लोकांनी काय केलं? आठवडाभरात आगबोट ठरवली आणि सहलीला गेले! बेटावर उतरले, वर चढले, धुमसत्या तोंडापाशी जाऊन पाहून आले. हसू नका. तिथे असतो तर मीही तिकीट काढलं असतं. पुढे तीन महिने तो डोंगर अधूनमधून बोलत राहिला आणि लोकांना त्या आवाजाची सवय झाली. सवय झाली की कान उघडा असूनही बंद होतो, बरं का!

२६ ऑगस्टला दुपारी स्फोट सुरू झाले. २७ ऑगस्ट, सोमवार, सकाळी दहाच्या सुमाराला जो आवाज झाला, तेवढा मोठा आवाज माणसाच्या नोंदीत दुसरा नाही. जवळपासच्या समुद्रात एक जहाज होतं, त्यावरच्या निम्म्याहून अधिक खलाशांच्या कानांचे पडदे फाटले. हवेचा तो धक्का पृथ्वीला प्रदक्षिणा घालत राहिला. हवेचा दाब मोजणाऱ्या यंत्रांवर त्याच्या खुणा पुढे पाच दिवस उमटत होत्या. बेटाचा बराचसा भाग समुद्रात गेला. समुद्र उठला, तीस मीटरहून उंच लाटा किनाऱ्यावर चालून आल्या. छत्तीस हजारांहून अधिक माणसं गेली, आणि त्यांतली बहुतेक त्या पाण्यानं नेली. गावंच्या गावं पुसली गेली.

आता इकडे लक्ष द्या. हिंदी महासागरात मॉरिशसच्या पलीकडे रॉड्रिग्ज नावाचं लहानसं बेट आहे. क्राकाटोआपासून सुमारे ४,८०० किलोमीटर! काश्मीर ते कन्याकुमारीपेक्षाही लांब. आवाजाला तिथे पोहोचायला चार तास लागले. पण पोहोचला! तिथल्या पोलीसप्रमुखानं, जेम्स वॉलिस त्याचं नाव, नोंद करून ठेवली की पूर्वेकडून मोठ्या तोफा उडाल्यासारखे आवाज येत आहेत. त्या काळी समुद्रात जहाज संकटात सापडलं की तोफ उडवत. म्हणून ठिकठिकाणी लोकांना वाटलं, कुणीतरी बुडतंय, कुणीतरी हाक मारतंय.

सेलेबिस बेटावर मकासर नावाचं बंदर आहे, क्राकाटोआपासून दीड हजार किलोमीटरवर. तिथून दोन आगबोटी बाहेर काढल्या, आवाज कुठून येतोय ते शोधायला. काय झालंय हे त्यांना ठाऊक नव्हतं. जिथे माणसं मरत होती तिथे त्या बोटी पोहोचणार नव्हत्या. अंदाज चुकला, दिशाही चुकली असेल. पण माउली, मी म्हणतो, त्या दिवशी खरं ऐकलं ते त्यांनी. मे महिन्यात आवाज ऐकून लोक पाहायला गेले. ऑगस्टमध्ये आवाज ऐकून हे शोधायला निघाले. कान दोघांनाही होते. फरक उठण्यातला आहे.

गजेंद्राचा पाय मगरीनं धरला, त्यानं धावा केला. आपल्या भाषेत त्या हाकेचं नावच 'धावा' आहे. कारण ऐकणाऱ्यानं धावायचं असतं! भगवंतानं हाक ऐकली, छान आर्त स्वर आहे म्हणून मान डोलावली, असं भागवतात नाही. तो उठला आणि निघाला.

आता माझं सांगतो. सांगायला लाज वाटते, पण व्यासपीठावर उभं राहून लपवणं त्याहून वाईट. तिशी-पस्तिशीत मी एका जुन्या वाड्यात राहत होतो. भिंतीपलीकडे एक म्हातारे गृहस्थ, एकटे. पाणी हवं असलं, सोबत हवी असली की काठीनं भिंत ठोकायचे. सुरुवातीला मी लगेच जायचो. मग सवय झाली. एके रात्री मी उद्याच्या आख्यानाची तयारी करत होतो. विषय कोणता? श्रवणभक्ती! भिंत वाजली. पुन्हा वाजली. बराच वेळ वाजत राहिली. मी म्हटलं, नेहमीचंच आहे, एवढं पद बसवतो आणि जातो. पद बसलं. भिंत थांबली. मी झोपलो.

सकाळी गेलो तर ते मोरीपाशी पडलेले. मांडीचं हाड मोडलेलं, रात्रभर तसेच. मी पाय धरले. ते म्हणाले, "बुवा, तुमचा अभ्यास चालला होता ना? मी ऐकत होतो. छान म्हणत होता." त्यांनी माझं ऐकलं हो. मी त्यांचं ऐकलं नाही. त्या अंथरुणातून ते पुन्हा उठले नाहीत.

मायबाप, चार हजार किलोमीटरवरून आलेला आवाज माणसाला ऐकू जातो आणि वीतभर भिंतीतून आलेला जात नाही. आता माझ्या कानांना थोडं कमी येतं, पण भिंत वाजली असं नुसतं वाटलं तरी मी उठतो. कधी कुणी नसतं. नसू दे. फेरी फुकट गेली तर गेली.

तुम्ही वारीला निघाल, मुखी नाम असेल, टाळ-मृदंगाचा गजर असेल. त्या गजरात मागे कुणी बसलं, कुणी पाणी मागितलं, तर तेवढं ऐका. घरी परत गेल्यावर भिंतीपलीकडचंही ऐका. आणि ऐकलं की उठा. श्रवणभक्ती तिथे पुरी होते.

बोला, पुंडलिक वरदे हरि विठ्ठल! श्री ज्ञानदेव तुकाराम! पंढरीनाथ महाराज की जय!