अपील ‘डिफॉल्टमध्ये’ गेलं तर

कोर्टाच्या दाराशी पट्टेवाला नाव पुकारतो. एकदा, दोनदा, तीनदा. बाकावरून कुणीच उठलं नाही, की तो आत वळतो आणि रोजनाम्यात नोंद होते: अपीलदार गैरहजर, वकील गैरहजर, अपील काढून टाकले. वकिलांच्या बोलीत, अपील डिफॉल्टमध्ये गेलं. खालच्या कोर्टाचा हुकूमनामा कायम होतो, मिळालेली स्थगिती संपते आणि समोरचा अंमलबजावणीची दरखास्त घेऊन दारात उभा राहू शकतो.

पण गेलं म्हणजे हरलं, असं धरून घरी बसू नका. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ४१, नियम १७ खाली अपीलदार आला नाही म्हणून अपील काढून टाकता येतं. त्याच्या गैरहजेरीत गुणदोषांवर निकाल मात्र देता येत नाही. १९७६ च्या दुरुस्तीनं तसं स्पष्टीकरणच नियमाला जोडलंय. मला ही ओळ फार मोलाची वाटते. गुणदोषांवर निकाल लागला असता, तर उच्च न्यायालयात दुसरं अपील करावं लागलं असतं, आणि तिथं कायद्याचाच महत्त्वाचा प्रश्न दाखवावा लागतो. नुसतं डिफॉल्टमध्ये गेलेलं अपील त्याच कोर्टात, नियम १९ खाली अर्ज देऊन परत बोर्डावर आणता येतं. गैरहजेरीला पुरेसं कारण हवं, एवढंच.

मुदत तीस दिवसांची. ती अपील काढून टाकल्या तारखेपासून मोजतात, तुम्हाला कळल्या दिवसापासून नव्हे! उशीर झालाच, तर सोबत विलंब माफीचा अर्ज द्यावा लागतो आणि दिरंगाईचा खुलासा करावा लागतो.

माझ्याकडे एक आजी आल्या होत्या. बांधाचा वाद, अपील त्यांचंच. तारखेला निघाल्या, तर एसटी घाटात बंद पडली. त्यांचे वकील दुसऱ्या कोर्टात अडकलेले. आजींनी बटव्यातून, सुपारीच्या खांडांखालून, चौघडी केलेलं तिकीट काढलं. ते प्रतिज्ञापत्राला जोडलं. समोरच्याला खर्च देण्याच्या अटीवर अपील परत दाखल झालं.

वकीलच आले नाहीत तर? १९८१ साली रफिक विरुद्ध मुन्शीलाल खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं, की वकिलाच्या चुकीची शिक्षा निर्दोष पक्षकाराला नको. तरीही वर्षानुवर्षं चौकशीच न करणाऱ्याला या निकालाचा आधार मिळेलच, असं समजू नका.

समोरचा पक्ष आला नाही, तर अपील एकतर्फी चालतं. त्यालाही नियम २१ खाली फेरसुनावणी मागता येते.

तारीख चुकूच नये, यासाठी एक सोय आहे. प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. ई-कोर्ट्सच्या ॲपवर तो टाकला, की पुढची तारीख दिसते. आजींच्या नातवानं तो क्रमांक भिंतीवरच्या कॅलेंडरवर लिहून ठेवलाय. तारीख जवळ आली, की मोबाईलवर पाहून तो आजींना मोठ्यानं वाचून दाखवतो.