मैल्यातील सूक्ष्मजीव आणि नगरपालिकेचा जमाखर्च

(नगरपालिकांचे अभियंते आणि लेखाधिकारी यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचे संपादित शब्दांकन)



सांडपाण्याच्या प्रश्नावर अर्थशास्त्राच्या अभ्यासकाने बोलावे, याचे आपल्यापैकी काहींना नवल वाटत असेल. परंतु केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाने २०२१ मध्ये प्रसिद्ध केलेली आकडेवारी पाहिली की हा विषय केवळ अभियांत्रिकीचा राहत नाही. देशाच्या नागरी भागात दररोज ७२,३६८ दशलक्ष लिटर सांडपाणी निर्माण होते, असा मंडळाचा अंदाज होता. उभारलेली प्रक्रियाक्षमता ३१,८४१ दशलक्ष लिटरची होती आणि प्रत्यक्ष प्रक्रिया होत होती ती २०,२३६ दशलक्ष लिटरवर. पहिल्या दोन आकड्यांमधील तफावत भांडवलाच्या टंचाईची आहे. तिची चर्चा आपण नेहमीच करतो. पुढच्या दोन आकड्यांमधील तफावत मला अधिक बोचते. पैसा खर्ची पडला, टाक्या बांधून झाल्या, आणि तरीही एक तृतीयांशाहून अधिक क्षमता वापराविना राहिली. घरे मलवाहिन्यांना जोडलेली नसणे, विजेचे बिल थकणे, कुशल माणसे नसणे अशी याची कारणे अनेक आहेत. त्यांच्या मुळाशी एक समजूत आहे, असे माझे मत आहे. प्रक्रिया केंद्र म्हणजे यंत्र, असे धरून आपण त्याचे अंदाजपत्रक मांडतो. वस्तुतः ते पशुधन आहे.

हे शब्दशः खरे आहे. १९१४ मध्ये मँचेस्टरच्या आर्डन आणि लॉकेट यांनी सांडपाण्यात हवा फुंकण्याचे प्रयोग प्रसिद्ध केले. पाणी स्वच्छ झाल्यावर तळाशी बसणारा गाळ त्यांनी फेकून दिला नाही. पुढच्या पाण्यात तोच मिसळला. त्यामुळे शुद्धीकरणाचा वेळ कितीतरी कमी झाला, कारण तो गाळ म्हणजे जिवंत जिवाणूंचे थवे होते. आज जगभर चालणारी सक्रिय गाळ पद्धत ती हीच. (या संशोधनामागील प्रेरणा गिल्बर्ट फाउलर यांची. तेच पुढे बेंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेत जीवरसायनशास्त्राचे प्राध्यापक झाले.)

यात एक आर्थिक मेख आहे. ऑक्सिजनवर जगणारा जिवाणू खाल्लेल्या अन्नातील साधारण निम्मा भाग आपल्या शरीराच्या वाढीत घालतो. म्हणजे पाण्यातील घाण नाहीशी होत नाही; तिच्यातील बराचसा भाग जिवाणूंच्या देहांत रूपांतरित होऊन गाळ म्हणून हाती येतो. पाणी जितके स्वच्छ, तितका गाळ अधिक. शिवाय हवा फुंकण्यासाठीच केंद्राच्या विजेचा निम्मा किंवा त्याहून मोठा वाटा लागतो. निविदेत पाण्याची गुणवत्ता बारकाईने लिहिलेली असते. गाळाचे काय करायचे, यासाठी मात्र अनेकदा एखादे वाक्य असते. पंचाण्णव टक्क्यांहून अधिक पाणी असलेला हा गाळ वाहून न्यायचा, तर आपण मुख्यतः पाण्याचेच भाडे भरत असतो.

या गाळावर निसर्गाकडे एक जुना उपाय आहे. बंद टाकीत, ऑक्सिजनविना, त्याचे पाचन करायचे. हे काम एका जातीचे नाही. प्रथम काही जिवाणू विकरे सोडून पिष्ट, प्रथिने आणि स्निग्ध पदार्थ विरघळवतात. दुसरे त्यांपासून सेंद्रिय आम्ले बनवतात, तिसरे त्या आम्लांचे ॲसिटिक आम्ल आणि हायड्रोजन करतात, आणि शेवटी मिथेनजनक सूक्ष्मजीव त्यांतून मिथेन मोकळा करतात. हे शेवटचे कामकरी जिवाणूसारखे दिसत असले तरी जिवाणू नव्हेत. त्यांचे कूळ वेगळे असल्याचे कार्ल वूस यांनी १९७७ मध्ये दाखवून दिले. तिसऱ्या टप्प्यावरचे जिवाणू हायड्रोजन साठू लागला की कामच करू शकत नाहीत. मिथेनजनकांनी तो सतत उचलला, तरच त्यांचे पोट भरते. आमच्या शास्त्रात परस्परावलंबनाची इतकी नेमकी उदाहरणे क्वचितच सापडतात.

आम्ल बनवणारे जिवाणू काही तासांत दुप्पट होतात. मिथेनजनकांना त्यासाठी अनेक दिवस लागतात. लग्नसराईत मंगल कार्यालयांचे उष्टे एकाच दिवशी टाकीत लोटले, तर आम्ल भराभर तयार होते, मिथेनजनक मागे पडतात आणि टाकी आंबते. वायू थांबतो, दुर्गंधी सुटते, आणि तंत्रज्ञान कुचकामी असल्याचा शेरा फाइलवर पडतो. गोठ्यातील गाईला पंधरवड्याची वैरण एकदम घालून पुढे चौदा दिवस उपाशी ठेवणाऱ्या शेतकऱ्याला आपण काय म्हणू? टाकीला रोज ठरलेले खाद्य हवे, ३५ अंशांच्या आसपास तापमान हवे, आम्लता उदासीन पातळीजवळ हवी आणि कचऱ्यात प्लास्टिक किंवा फिनाइल नको. यांतील एकही गोष्ट भांडवली अनुदानातून विकत मिळत नाही. तिच्यासाठी माणूस लागतो, रोजची नोंदवही लागते आणि महसुली खर्चात तरतूद लागते. ही पथ्ये सांभाळली, तर गाळातील कुजणारा भाग तीन-चार आठवड्यांत निम्म्याच्या आसपास घटतो आणि साठ टक्क्यांच्या जवळपास मिथेन असलेला वायू मिळतो.

आपल्या देशाला हे नवे नाही. १८९७ मध्ये मुंबईत माटुंग्याच्या कुष्ठधामातील मैलाटाक्यांचा वायू गोळा करून वापरल्याची नोंद आहे. इंदूरचे उदाहरण तर विशेष बोलके आहे. तेथील वनस्पती उद्योग संस्थेत अल्बर्ट हॉवर्ड आणि यशवंत वाड यांनी शेतातील काडीकचरा, शेण आणि माती यांचे थर रचून, ओलावा आणि हवा राखून खत करण्याची पद्धत बसवली आणि १९३१ मध्ये ती पुस्तकरूपाने मांडली. ‘इंदूर पद्धत’ म्हणून ती जगभर गेली. हॉवर्ड यांचे नाव सर्वांना ठाऊक आहे; वाड यांचे नाव आपल्याकडेही फारसे कोणी घेत नाही. त्याच शहरात १९ फेब्रुवारी २०२२ रोजी दररोज ५५० टन ओल्या कचऱ्याचे पाचन करू शकणारा प्रकल्प सुरू झाला. दिवसाला सुमारे १७,००० किलो जैव-सीएनजी आणि १०० टन खत, अशी त्याची सुरू होतानाची आखलेली क्षमता होती. या यशाचे श्रेय टाक्यांना देणे मला पटत नाही. घरोघरी ओला कचरा वेगळा ठेवण्याची सवय शहराने आधी लावून घेतली; सूक्ष्मजीवांचे ताट तेथे वाढले गेले.

सूक्ष्मजीवांच्या मर्यादाही सांगितल्या पाहिजेत. कानपूरच्या जाजमऊ येथे कातडी कमावण्याच्या कारखान्यांचे सांडपाणी घरगुती सांडपाण्यात मिसळून त्यावर प्रक्रिया करण्याचे केंद्र उभारले गेले. सेंद्रिय भाग सूक्ष्मजीव पचवू शकतात. क्रोमियम हे मूलद्रव्य आहे, ते कोणालाही पचत नाही. ते गाळात उतरते. जंतांची अंडीही ३५ अंशांच्या पाचनातून तगून राहू शकतात. त्यांच्यासाठी ५५ अंशांच्या पुढे तापणारा खताचा ढीग लागतो. म्हणून उद्योगांचे पाणी उगमाशीच वेगळे करणे हा माझ्या दृष्टीने खतविक्रीचा पहिला खर्च आहे. तो कारखान्याने सोसायचा, नगरपालिकेने नव्हे.

राहिला प्रश्न खताच्या भावाचा. २०२३ मध्ये युरियाची ४५ किलोची गोणी करांव्यतिरिक्त २४२ रुपयांना मिळत होती आणि तिचा उरलेला बोजा केंद्र शासन उचलत होते. त्या भावाशी स्पर्धा करताना जैववायू प्रकल्पाचे खत पडून राहते, हे ओळखून त्याच वर्षी जूनमध्ये अशा खतासाठी टनाला १,५०० रुपयांचे विपणन साहाय्य मंजूर झाले. पाऊल योग्य आहे. पण त्याचा लाभ शेतकऱ्याचा विश्वास बसेल तेथेच होईल. शेतकरी विचारतो ते एवढेच, की यात काय आहे आणि ते कोणी तपासले. आपल्यापैकी किती नगरपालिकांच्या अंदाजपत्रकात गाळ आणि खताच्या प्रयोगशाळा तपासणीचे स्वतंत्र लेखाशीर्ष आहे, हे लेखाधिकाऱ्यांनी येथून परतल्यावर पाहावे. नसेल, तर पुढील वर्षाच्या अंदाजपत्रकात ते उघडावे आणि त्यालगतच टाकीची रोजची देखभाल करणाऱ्या माणसाच्या वेतनाचेही.