एका महिन्याचा प्रवक्ता

एखादा पत्रकार सरकारचा प्रवक्ता झाला की 'गेला हा कामातून' असं आपण सहज म्हणून टाकतो. मला ते अन्यायाचं वाटतं. का वाटतं, ते जेराल्ड टरहॉर्स्ट या अमेरिकन पत्रकाराच्या आयुष्यावरून सांगतो.

टरहॉर्स्ट मिशिगनमधल्या ग्रँड रॅपिड्सचे. दुसऱ्या महायुद्धात ते मरीन दलात होते; मग गावच्याच दैनिकात वार्ताहर झाले. १९४८मध्ये तिथून जेराल्ड फोर्ड पहिल्यांदा काँग्रेसच्या, म्हणजे अमेरिकी संसदेच्या, निवडणुकीला उभे राहिले, तेव्हापासूनची या दोघांची ओळख. पुढे टरहॉर्स्ट 'डेट्रॉइट न्यूज'च्या वॉशिंग्टन कचेरीचे प्रमुख झाले. ९ ऑगस्ट १९७४ला वॉटरगेट प्रकरणामुळे राष्ट्राध्यक्ष निक्सन पायउतार झाले, उपराष्ट्राध्यक्ष असलेले फोर्ड राष्ट्राध्यक्ष झाले आणि त्याच दिवशी त्यांनी टरहॉर्स्ट यांना प्रसिद्धी सचिव नेमलं.

त्या वेळी व्हाइट हाउसच्या शब्दावर कुणाचाही विश्वास उरला नव्हता. निक्सन यांचे प्रसिद्धी सचिव रॉन झिगलर जाहिरातीच्या धंद्यातून आलेले. वॉटरगेटबद्दल आपण आधी दिलेली निवेदनं आता लागू नाहीत, असं १९७३मध्ये त्यांनी स्वतःच सांगून टाकलं होतं. अशा जागी आपल्यातलाच एक जुना, सरळ माणूस आलेला पाहून वार्ताहर सुखावले.

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात फोर्ड यांनी बेंटन बेकर या वकिलाला कॅलिफोर्नियात निक्सन यांच्याकडे पाठवलं. वार्ताहरांना कुणकुण लागली. हा माणूस माफीची बोलणी करायला गेलाय का, अशी थेट विचारणा झाली. टरहॉर्स्ट यांनी राष्ट्राध्यक्षांचे कायदा सल्लागार फिलिप ब्यूकन यांना विचारलं. उत्तर आलं, तसं काही नाही; काम निक्सन यांच्या कागदपत्रांचं आहे. टरहॉर्स्ट यांनी तेच विचारणाऱ्या वार्ताहराला सांगितलं. कागदपत्रांचं काम होतं, हे खरंच. पण माफीचंही होतं.

इथे जरा थांबू या. वार्ताहर असते तर एकाच्या सांगण्यावर टरहॉर्स्ट यांनी बातमी दिली नसती. आणखी दोन दारं ठोठावली असती. प्रवक्त्याला ती सोय नसते. वरून जे येईल ते तो आपल्या नावावर खपवतो. खोटं ठरलं तर पत जाते ती त्याची, आणि ती त्याने पंचवीस वर्षं राबून कमावलेली असते.

रविवारी, ८ सप्टेंबरला, फोर्ड यांनी निक्सन यांना संपूर्ण माफी जाहीर केली. टरहॉर्स्ट यांना हे कळलं होतं आदल्या दिवशी. रविवारी सकाळी त्यांनी राजीनाम्याचं पत्र फोर्ड यांच्या हातात दिलं. फेरविचार करा, असं फोर्ड म्हणाले. टरहॉर्स्ट बधले नाहीत. मला मोठी वाटते ती त्या पत्रातली भूमिका. आपली फसवणूक झाली, हा त्यांच्या तक्रारीचा गाभा नव्हताच. विवेकाला स्मरून व्हिएतनामच्या युद्धाला नकार देणाऱ्या तरुणांना माफी नाही, निक्सन यांच्या हाताखालच्या माणसांना नाही, मग आरोपही ठेवला गेलेला नसताना एकट्या निक्सन यांनाच का, असा त्यांचा सवाल होता.

फोर्ड यांचीही बाजू होती. खटला चालला असता तर देश आणखी कित्येक वर्षं त्याच चिखलात रुतला असता, असं त्यांना मनापासून वाटत होतं. २००१मध्ये केनेडी यांच्या नावाचा धैर्याचा पुरस्कार त्यांना याच निर्णयासाठी मिळाला. तरीही टरहॉर्स्ट चुकले, असं मी म्हणणार नाही. निर्णय देशाच्या हिताचा ठरला, म्हणून तो न पटलेल्या माणसाने वार्ताहरांपुढे उभं राहून त्याचं समर्थन करत राहावं, असं होत नाही.

राजीनाम्यानंतर टरहॉर्स्ट 'डेट्रॉइट न्यूज'मध्ये परतले, स्तंभ लिहू लागले. आणि १९८१मध्ये फोर्ड मोटर कंपनीच्या वॉशिंग्टनमधल्या जनसंपर्काचं काम त्यांनी पत्करलं. या कंपनीचा राष्ट्राध्यक्ष फोर्ड यांच्याशी काही संबंध नाही, हे सांगितलेलं बरं. म्हणजे दुसऱ्याची बाजू मांडणं टरहॉर्स्ट यांना कधीच हलकं काम वाटलं नव्हतं. १९७४मध्ये ते थांबले, ते न पटलेली बाजू मांडायची वेळ आली तेव्हा.