रामा शेट्टी आणि जोतीराव



आमच्या यावलहून फैजपूर काही लांब नाही. डिसेंबर 1936 मध्ये तिथं काँग्रेसचं खेड्यातलं पहिलं अधिवेशन भरलं, अध्यक्ष जवाहरलाल नेहरू. आमच्या गल्लीतल्या एका आजोबांनी लहानपणी त्यांना तिथं पाहिलं होतं. 1988 मध्ये दूरदर्शनवर श्याम बेनेगलांची ‘भारत एक खोज’ सुरू झाली आणि रोशन सेठ नेहरू होऊन बोलू लागले, तेव्हा आजोबांनी मान डोलावली. चेहऱ्याला नव्हे हं, बोलता बोलता मध्येच थांबण्याला!

या 53 भागांच्या मालिकेत माहितीपट आणि नाटक हातात हात घालून चालतात. निवेदकाचा आवाज ओम पुरींचा; तेच कधी दुर्योधन, कधी अशोक, कधी औरंगजेब. आमच्या गावात व्यासांचं मंदिर आहे, त्यामुळे त्यांच्या दुर्योधनाला इथं जरा जास्तच कडक परीक्षक लाभले.

पण मला बोलायचंय ते सदाशिव अमरापूरकरांविषयी. माणूस नगरचा. ज्या पुस्तकावर ही मालिका बेतली, तेही नेहरूंनी 1944 मध्ये नगरच्याच किल्ल्यात, कैदेत असताना लिहिलेलं. अमरापूरकरांनी ‘22 जून 1897’ या चित्रपटात टिळक केले होते. पुढं 1983 मध्ये ‘अर्धसत्य’ आला, आणि त्यातला मोजक्या प्रसंगांचा खलनायक रामा शेट्टी त्यांना कायमचा चिकटला.

म्हणून ‘खोज’मध्ये ते महात्मा फुले होऊन आले, तेव्हा आमच्याकडं टीव्हीपुढं दाटीवाटीनं बसलेल्यांतून कुणीतरी ओरडलंच, “अरे, हा त रामा शेट्टी!” सगळे हसले. मात्र थोड्याच वेळात हसू विरलं. ऐतिहासिक माहितीपटात नटाला गाणं नसतं, मारामारी नसते, टाळीचं वाक्यही सहसा नसतं. वाट्याला येतात ती थोडी मिनिटं. तेवढ्यात स्वतःची ओळख पुसायची आणि दुसऱ्याची उभी करायची. मोठ्या पडद्यावरच्या खलनायकीपेक्षा हे अवघड, असं माझं मत. अमरापूरकरांना ते साधलं, याचं एक कारण पडद्याबाहेर असावं: डॉ. श्रीराम लागू, निळू फुले यांच्याबरोबर ते सामाजिक कार्यकर्त्यांना मदत करणाऱ्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी राबत होते.

2014 मध्ये ते गेले. बातमी ऐकून आमच्याकडं पुन्हा रामा शेट्टीच आठवला. शिक्षक श्रोत्यांना एवढीच विनंती: येत्या 11 एप्रिलला, फुले जयंतीला, भाषणं थोडी आवरती घ्या आणि मुलांना ‘खोज’मधला फुल्यांचा भाग दाखवा.