माफीनाम्यानंतरची पानं

नागपूर, बिलासपूर, भिलाईहून पहाटेच्या गाड्या धरून आलेल्या रसिकहो,

रायपूरजवळच्या उरल्यात तुमचं मनापासून स्वागत. आमच्या गावाच्या नावावरून नागपूरचे नातेवाईक माझी चेष्टा करतात, ‘बाकीचे पुण्याला गेले, हा तेवढा उरला!’ असो. तुमचे पांढरेशुभ्र झब्बे पाहून मात्र जीव धसकला. स्पंज आयर्नच्या कारखान्यांची इथली काळी धूळ पाहुण्यालाही सोडत नाही. गच्चीवर वाळत घातलेली चादर आम्ही झटकल्याशिवाय घरात आणत नाही. रायपुरातला तात्यापारा सोडून संमेलन या भट्ट्यांच्या गावात कशाला, असंही काहींनी विचारलं. तिकडे निवृत्त मराठी माणसं राहतात, ड्यूटीवरची इकडे असतात. त्यांना रजा मिळत नाही, म्हणून संमेलनच त्यांच्याकडे आणलं.

विषय आहे ‘शौर्याची आणि प्रेरणादायी चरित्रांची पुस्तकं’. या विषयासाठी इथे दूर जावं लागत नाही. दुष्काळात व्यापाऱ्याच्या कोठारातलं धान्य भुकेल्यांना वाटणारे सोनाखानचे जमीनदार वीर नारायण सिंह यांना १० डिसेंबर १८५७ रोजी रायपुरातच फाशी दिलं गेलं. त्यांच्याविषयी जाणकार वक्ते बोलतीलच. स्वागताध्यक्षाने विषयात शिरू नये, व्यवस्थेचं तेवढं बोलावं, असा संकेत आहे. तो मी पाच मिनिटं मोडणार आहे, कारण मला माधवराव सप्र्यांबद्दल बोलायचंय.

रायपुरातल्या सप्रे शाळेच्या मैदानावर आम्ही लहानपणी क्रिकेट खेळायचो. सप्रे म्हणजे शाळेचं नाव, एवढंच तेव्हा माहीत. पुढे कळलं, हा मराठी घरातला माणूस छत्तीसगडमधल्या पेंड्र्याच्या राजकुमाराचा शिक्षक होता. १९०० साली तिथूनच त्याने ‘छत्तीसगढ़ मित्र’ हे हिंदी मासिक काढलं. सोबतीला रामराव चिंचोलकर आणि वामन बळीराम लाखे, म्हणजे हिंदी मासिकामागे तिन्ही नावं मराठी! तोटा सोसत तीन वर्षं ते चाललं. पुढे १९०७ मध्ये सप्र्यांनी नागपूरहून ‘हिंदी केसरी’ सुरू केला आणि १९०८ च्या ऑगस्टमध्ये राजद्रोहाच्या कलमाखाली त्यांना अटक झाली.

आपल्या भाषणांत इथून पुढे थेट ‘थोर देशभक्त’ येतं. मधलं एक पान सगळे उलटतात. सप्र्यांनी माफी लिहून दिली. थोरल्या भावाच्या हट्टापुढे त्यांचं काही चाललं नाही. ते सुटले. त्याच वर्षी टिळकांना सहा वर्षांची शिक्षा होऊन ते मंडालेला निघाले होते. बाहेर आल्यावर सप्र्यांना किती लाज वाटली असेल, ते त्यांनी पुढे काय केलं त्यावरून कळतं. ते वर्ध्याजवळच्या हनुमानगडावर रामदासी परंपरेतल्या श्रीधर विष्णु परांजपे यांच्याकडे गेले, मधुकरी मागून राहिले आणि ‘दासबोध’ वाचत बसले. मग तोच ‘दासबोध’ त्यांनी हिंदीत आणला. मंडालेच्या तुरुंगात टिळकांनी लिहिलेलं ‘गीतारहस्य’ १९१५ साली मराठीत निघालं, तेही पाठोपाठ हिंदीत आणलं सप्र्यांनीच. जे तुरुंगात टिकले त्यांचा ग्रंथ, जो टिकला नाही त्याच्या हातून, ओळ न् ओळ. अनुवादाला बसताना त्यांच्या मनात काय चालत असेल, याचा विचार मी अनेकदा करतो.

मी साहित्यिक नव्हे, रोलिंग मिलमधला माणूस. लालबुंद सळी रोलमधून सापासारखी बाहेर येते आणि समोरचा पोरगा चिमट्याने ती झेलून पुढच्या रोलमध्ये सारतो. बारा फुटांवर उभं राहिलं तरी चेहरा भाजतो. त्याच्या शौर्याचं पुस्तक कोणी लिहीत नाही. बऱ्याच वर्षांपूर्वी एका कारखान्यात असाच एक पोरगा भाजला. ‘कामगाराने हातमोजे घातले नव्हते’ असं अहवालात लिहिलं गेलं. हातमोजे दिलेच नव्हते. त्या अहवालावर दुसरी सही माझी आहे. घरी मुलगी लहान होती, हप्ते चालू होते, ही कारणं मला आजही तोंडपाठ आहेत. त्या आठवड्यात कपाटातली शिवचरित्रं माझ्या काही कामी आली नाहीत. त्यांतलं धैर्य माझ्या उंचीचं नव्हतंच. पुढे सप्र्यांचं ते पान वाचनात आलं आणि पहिल्यांदा एका मोठ्या माणसाशेजारी बसल्यासारखं वाटलं. मग त्या पोराचं घर शोधत गेलो. काय बोललो ते व्यासपीठावरून सांगण्यासारखं नाही.

म्हणून इथे जमलेल्या चरित्रकारांना यजमानाची एक विनंती. नायक कच खातो ते प्रकरण संपादकाने काढायला सांगितलं, तर भांडा.

आता व्यवस्थेचं. ग्रंथदालन डाव्या हाताला आहे, पुस्तकांवर प्लास्टिक घातलंय, चाळण्यापूर्वी ते खुशाल काढा. जेवण एक वाजता. आपली पुरणपोळी आहे, सोबत इथला तांदळाचा फरा आहे, तो टाकू नका. दोन वाजता शिफ्ट बदलते तेव्हा मोठा भोंगा वाजेल. वक्त्यांनी दचकू नये, मिनिटभर थांबावं. त्यानंतर मागच्या खुर्च्यांवर कामाच्या कपड्यांतली माणसं येऊन बसतील. त्यांच्यासाठी दोन रांगा मोकळ्या सोडल्यात, कृपया तिथे पिशव्या ठेवू नका.