पूर्ण पडदा कोणाच्या हुकमाने?

मालवण, देवगड, वेंगुर्ला, कुडाळ, कुठेही जा; ज्या घरात कॉम्प्युटर आहे आणि शाळा-कॉलेजात जाणारं कोणी आहे, तिथे त्या कॉम्प्युटरवर एखादा तरी खेळ असतोच. हा खेळ सुरू करताना एक लहानसा प्रश्न पुन्हा पुन्हा विचारला जातो. खेळ चौकटीत, म्हणजे विंडोत उघडला, तर तो फुल स्क्रीन कसा करायचा? उत्तर सोपं आहे. बऱ्याच खेळांत ऑल्ट आणि एंटर ही दोन बटणं एकत्र दाबली की काम होतं. नाहीतर खेळाच्या सेटिंगमध्ये जाऊन तो पर्याय निवडता येतो. पण कसा करायचा हे विचारणारे पुष्कळ आणि का करायचा हे विचारणारे थोडे. माझं म्हणणं असं की खेळाची सुरुवात चौकटीतच व्हावी. पूर्ण पडदा त्याला जरूर द्यावा, पण खेळणाऱ्याने कारण ओळखून आपणहून द्यावा. खेळाने तो परस्पर घेऊ नये.

पूर्ण पडदा घ्यायची ही सवय आली कुठून, ते आधी पाहू. आयबीएम कंपनीने १९८७ साली व्हीजीए नावाची चित्रपद्धत आणली. तिच्यात खेळांसाठी सोयीची मांडणी होती ती ३२० गुणिले २०० ठिपक्यांची, म्हणजे अख्ख्या पडद्यावर मिळून ६४,००० ठिपके. डॉस या जुन्या प्रणालीत एका वेळी एकच काम चाले. ‘प्रिन्स ऑफ पर्शिया’ सुरू झाला की त्याच्या शेजारी दुसरं काही उघडं असण्याचा प्रश्नच नव्हता. तेव्हा खेळ सगळा पडदा घ्यायचा, कारण दुसरा मार्गच नव्हता. १९९० मध्ये विंडोज ३.० बरोबर पत्त्यांचा सॉलिटेअर आला आणि लाखो लोकांनी पहिल्यांदा चौकटीतला खेळ पाहिला. १९९२ मध्ये विंडोज ३.१ बरोबर माइनस्वीपर आला, तोही चौकटीतच. बाजूला हिशेबाचा तक्ता उघडा आणि कोपऱ्यात सॉलिटेअर, हे दृश्य कचेऱ्यांतून चांगलंच ओळखीचं झालं. मात्र वेगवान, रंगीत खेळांना चौकट परवडत नव्हती. १९९५ मध्ये मायक्रोसॉफ्टने डायरेक्टएक्स ही सोय दिली. तिच्या आधाराने खेळ पडद्याचा एकहाती ताबा घेई, चित्र थेट पडद्यावर पाठवी आणि वेग मिळवी. म्हणजे त्या काळात फुल स्क्रीनला भक्कम तांत्रिक कारण होतं. आजही पुष्कळांच्या डोक्यात तेच कारण पक्कं बसलेलं आहे.

या एकहाती ताब्याची किंमतही होती. बटणं दाबताच पडदा क्षणभर काळा पडे, मॉनिटर नव्या मापाशी जुळवून घेई आणि मग चित्र येई. खेळातून बाहेर यावं तर डेस्कटॉपवर नीट मांडलेली चिन्हं डाव्या वरच्या कोपऱ्यात गोळा झालेली असत, कारण मधल्या वेळात पडद्याचं माप लहान झालेलं असे. ऑल्ट आणि टॅब दाबून मध्येच दुसरं काम पाहायला गेलं तर चित्रकार्डावरचा ताबा सुटे आणि परत येताना खेळाला आपली चित्रं पुन्हा भरून घ्यावी लागत. ज्या खेळाच्या कर्त्यांनी ही काळजी घेतलेली नसे, तो तिथेच बंद पडे. मग परिस्थिती बदलली. २००७ मध्ये सर्वांसाठी आलेल्या विंडोज व्हिस्टापासून पडद्यावरच्या सगळ्या चौकटी एकत्र जुळवून अंतिम चित्र तयार करणारी व्यवस्था आली आणि २०१२ च्या विंडोज ८ पासून ती कायमचीच झाली. सुरुवातीला तिच्यामुळे चौकटीतल्या खेळाला थोडा उशीर लागे. पण विंडोज १० आणि ११ मध्ये अशी सुधारणा झाली की, कडा नसलेली चौकट सगळा पडदा व्यापत असेल तर मधली जुळवाजुळव बहुतेक वेळा टाळली जाते आणि खेळाचं चित्र जवळजवळ थेट पडद्यावर जातं. खेळांच्या सेटिंगमध्ये ‘बॉर्डरलेस’ म्हणून जो पर्याय दिसतो, तो हाच. दिसायला फुल स्क्रीन, वागायला चौकट. तेव्हा वेगासाठी एकहाती ताबा हवाच, हे जुनं कारण आज बहुतेकांच्या बाबतीत उरलेलं नाही.

यावर पहिला आक्षेप येईल तो चुरशीने खेळणाऱ्यांचा. नेमबाजीच्या स्पर्धेत क्षणाचा उशीर म्हणजे हार, असं ते म्हणतील. त्यात तथ्य आहे. साधा पडदा सेकंदाला ६० वेळा चित्र बदलतो, म्हणजे एक चित्र सुमारे १७ मिलीसेकंद टिकतं. जुन्या मशीनवर किंवा जुन्या खेळात चौकटीमुळे असं एखादं चित्र उशिरा दिसू शकतं. ज्याला तो फरक जाणवतो, त्याने एकहाती ताबा जरूर द्यावा. पण बुद्धिबळ, पत्ते, कोडी, शेती वसवण्याचे किंवा गाव उभारण्याचे खेळ खेळणाऱ्याने हे कारण सांगू नये. चाल विचारायला जिथे दोन मिनिटं लागतात, तिथे सतरा मिलीसेकंदांनी काय बिघडतं?

दुसरा आक्षेप जुन्या मशीनवाल्यांचा. लॅपटॉप दमतो, म्हणून फुल स्क्रीन करून माप खाली आणावं लागतं, असं त्यांचं म्हणणं. हिशेब बरोबर आहे. १९२० गुणिले १०८० च्या पडद्यावर जवळजवळ २० लाख ७४ हजार ठिपके रंगवावे लागतात; १२८० गुणिले ७२० वर आलं की ते ९ लाख २२ हजारांच्या आत येतात. काम निम्म्याहून कमी होतं आणि खेळ सुरळीत चालतो. पण आजच्या सपाट पडद्याचे ठिपके ठरलेल्या जागी बसवलेले असतात. १२८० ठिपक्यांची ओळ १९२० ठिपक्यांवर ताणायची, तर एका ठिपक्याच्या वाट्याला दीड ठिपका येतो. अर्धा ठिपका रंगवता येत नाही, म्हणून शेजारच्या रंगाशी मिसळ करावी लागते आणि अक्षरं पुसट दिसतात. जुन्या काचनळीच्या मॉनिटरला ही अडचण नव्हती. तोच खेळ १२८० गुणिले ७२० च्या चौकटीत ठेवला तर मशीनचं काम जवळपास तितकंच हलकं राहतं आणि चित्र रेखीव दिसतं. ते लहान होतं, हे खरं. लहान पण स्वच्छ की मोठं पण पुसट, याची निवड ज्याने त्याने आपल्या डोळ्यांप्रमाणे करावी. मात्र दुसरा मार्गच नाही, असं म्हणता येणार नाही.

तिसरा आक्षेप सगळ्यांत वजनदार आहे. पडदा भरल्याशिवाय माणूस खेळात रंगत नाही, असं म्हणतात. याचं उत्तर शोधायला आपल्या जिल्ह्याबाहेर जावं लागत नाही. कुडाळ तालुक्यातल्या पिंगुळीची ठाकर समाजाची चित्रकथी पाहा. एका कथेची चित्रं म्हणजे एक पोथी. चित्राचा कागद फूट-सव्वा फुटाचा. कथेकरी एक चित्र समोर धरतो, वीणा, टाळ, हुडुक यांच्या साथीने रामायण-महाभारतातला प्रसंग गातो, सांगतो, मग पुढचं चित्र येतं. चित्राच्या भोवती सगळं उघडं असतं. कथेकऱ्याचे हात दिसतात, साथीदार दिसतात, शेजारी बसलेला माणूसही दिसतो. तरी गावच्या गाव या चौकटीसमोर बसून कथा ऐकत आलं. ही कला जपणाऱ्या परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री जाहीर झाली, तेव्हा फूटभर कागदाची ताकद देशालाही कळली. रंगणं हे चित्राच्या मापावर अवलंबून असतं तर ही परंपरा टिकलीच नसती. ते अवलंबून असतं कथेवर आणि सांगणाऱ्याच्या कसबावर.

तरीही मोठ्या पडद्याला काही अर्थच नाही, असा निष्कर्ष मी काढत नाही. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्स या संस्थेने २०२० मध्ये ‘राजी’ हा खेळ आणला. त्यात हरवलेल्या भावाला शोधणाऱ्या मुलीची कथा आहे, आणि तिचे काही प्रसंग छायाबाहुल्यांच्या रूपात सांगितले आहेत. पिंगुळीतही चामड्याच्या छायाबाहुल्यांची परंपरा आहे, त्यामुळे आपल्या माणसाला ती भाषा परकी वाटणार नाही. छायाबाहुलीला अंधार लागतो आणि उजळलेला मोकळा पडदा लागतो. असा खेळ टास्कबार आणि चार चिन्हांच्या गर्दीत पाहण्यात मजा नाही. त्याला पूर्ण पडदा द्यावा, दिवा मंद करावा, निवांत तासभर काढावा. उलट सावंतवाडीची गंजिफा घ्या. दशावतारी गंजिफेत १२० गोल पत्ते असले तरी तो डाव माणसांमध्ये बसून, बोलत बोलत खेळायचा. कॉम्प्युटरवरचे पत्तेही त्याच जातीचे. त्यांना अख्खा पडदा कशाला? पडदा किती द्यायचा ते खेळाच्या जातीवर ठरवावं.

आता घरातली बाजू. फुल स्क्रीन झाला की कोपऱ्यातलं घड्याळ झाकलं जातं आणि बॅटरीची खूणही झाकली जाते. आपल्या किनाऱ्यावर ही गोष्ट किरकोळ नाही. पावसाळ्यात लाईट कधी जाईल याचा नेम नसतो. मे २०२१ मध्ये तौक्ते वादळ येऊन गेल्यावर तर कितीतरी गावं अंधारात होती. लाईट गेली की लॅपटॉप गुपचूप बॅटरीवर चालू लागतो, खेळणाऱ्याला पत्ता नसतो, आणि खेळ जतन करण्याआधीच मशीन बंद पडतं. वेळेचंही तसंच. घड्याळ डोळ्यांसमोर असलं म्हणून कोणी लगेच उठतो असं नाही, पण ते झाकलेलं असलं की उठण्याची आठवणही राहत नाही. इथे पालक विचारतील, की चौकटीत खेळ ठेवला तर मूल एका बाजूला अभ्यास आणि एका बाजूला खेळ असं नाही का करणार? करेल. तो धोका मला मान्य आहे, आणि अर्धा खेळ अर्धा अभ्यास यात दोन्हींचं नुकसान होतं. पण फुल स्क्रीनने तो धोका टळत नाही. ऑल्ट आणि टॅब दाबून खेळ लपवायला निमिष पुरतं. अभ्यासाच्या वेळी खेळ पूर्ण बंद, हा नियम घरातल्या माणसांनीच करायचा असतो. पडद्याच्या मापावर तो सोपवता येत नाही.

शेवटचा आक्षेप असा, की दोन बटणांचा तर प्रश्न आहे, ज्याला हवं तो बदलून घेईल, एवढी चर्चा कशाला? कारण बहुतेक माणसं सेटिंगच्या पानावर जातच नाहीत. पहिल्या दिवशी जे समोर आलं तेच वर्षानुवर्षं चालू राहतं. म्हणून खेळ तयार करणाऱ्यांवर एक जबाबदारी येते. पहिल्यांदा खेळ उघडताना तो चौकटीत उघडावा आणि पडदा किती हवा, हे सरळ मराठीत विचारावं. जिथे हे होत नाही तिथे आपण आपली रीत ठरवावी. नवा खेळ आधी चौकटीत पाहावा. मशीन झेपत असेल आणि खेळ त्या तोलाचा असेल, तर कडा नसलेली चौकट निवडून त्याला पडदाभर करावं. एकहाती ताबा फक्त स्पर्धेसाठी किंवा तशाच अडचणीसाठी राखून ठेवावा. आणि पडदा भरण्याआधी बॅटरी किती आहे, वाजले किती आणि उठायचं कधी, एवढं पाहून घ्यावं. मग खुशाल खेळा.