कलावंतांची एकजूट आणि तिचा जमाखर्च

(अहिल्यानगर जिल्ह्यातील कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात दिलेले व्याख्यान)



अन्यायाविरुद्ध लेखणी आणि कुंचला उचलणाऱ्यांनी राष्ट्रांच्या सीमा ओलांडून एकत्र यावे, ही आकांक्षा समाजवादी चळवळीत जुनीच आहे. अशा संघटनांची घोषणापत्रे कार्यकर्ते आवडीने वाचतात. त्यांचा जमाखर्च मात्र क्वचितच तपासला जातो.

ऑक्टोबर १९५८ मध्ये ताश्कंद येथे आशियाई-आफ्रिकी लेखकांची परिषद भरली. तिच्यातून उभ्या राहिलेल्या संघटनेने १९६८ पासून कैरोहून नियतकालिक काढले. तेच पुढे ‘लोटस’ या नावाने अरबी, इंग्रजी व फ्रेंच भाषांत गाजले. फैज अहमद फैज यांनी बैरूतहून त्याचे संपादन केले. वसाहतवादाने परस्परांपासून तोडलेले लेखक त्यामुळे एकमेकांना वाचू शकले, हे त्याचे थोर कार्य होय. परंतु खर्चाचा भार इजिप्त, सोव्हिएत संघ आणि पूर्व जर्मनी या राजवटींवर होता. ज्या वर्षी नियतकालिक निघाले, त्याच वर्षी सोव्हिएत रणगाडे प्रागमध्ये शिरले. खर्च उचलणाऱ्याच्या रणगाड्यांविषयी संपादकाने काय लिहावे? पुढे सोव्हिएत संघ कोसळला आणि ‘लोटस’ही थांबले.

दुसऱ्या गोटाचा हिशेब याहून स्वच्छ नाही. १९५० मध्ये बर्लिन येथे स्थापन झालेल्या ‘काँग्रेस फॉर कल्चरल फ्रीडम’च्या मानद अध्यक्षांत जयप्रकाश नारायणही होते. या संस्थेला अमेरिकन गुप्तहेर खात्याचा पैसा मिळत होता, हे १९६७ मध्ये निर्विवादपणे उघड झाले. अनेक सभासदांना त्याची कल्पना नव्हती; त्यांची स्वातंत्र्यनिष्ठा खरी होती. म्हणूनच समाजवाद्यांना हा धडा अधिक झोंबणारा आहे. केवळ वैयक्तिक सचोटीने संस्थेचे परावलंबन दूर होत नाही.

याच्या शेजारी या जिल्ह्यातील एक उदाहरण ठेवावे. मुकुंदराव पाटील यांनी १९१० मध्ये सुरू केलेले ‘दीनमित्र’ हे सत्यशोधक साप्ताहिक नेवासे तालुक्यातील तरवडीसारख्या खेड्यातून चालविले. इंग्रजी राज्य गेले, संस्थाने विलीन झाली, तरी ते १९६७ पर्यंत निघत राहिले. त्याचा वाचक शेतकरी होता आणि संपादक त्याच्याच शेजारी राहत होता. चुकीचा जाब बांधावर विचारला जाऊ शकत होता. ही परंपरा संकुचितही नव्हती. जोतीराव फुल्यांनी ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ १८७३ मध्ये अमेरिकेतील गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्यांना अर्पण केला होता. त्या बंधुभावासाठी परक्या राजधानीतील कचेरीची गरज भासली नाही.

आज पक्षाच्या सभेपूर्वी शाहिराला बोलावले जाते, विषय हाती दिला जातो आणि चहापाण्यावर त्याची बोळवण होते. निवडणुकीत दुसरा पक्ष अधिक पैसे देतो, तेव्हा त्याच शाहिराला दोष दिला जातो. तालुक्यातील कार्यकर्त्यांनी व श्रोत्यांनी वर्गणी काढून कलापथकाला ठरलेले मानधन द्यावे, वर्गणीचा हिशेब जाहीर वाचावा आणि गीतांतील मजकुरात हात घालू नये. त्यांपैकी एखादे गीत पक्षाच्या स्थानिक पुढाऱ्यावर असेल, तर तेही मंचावरून पूर्ण होऊ द्यावे.